कालसर्वेक्षण खाते : अस्थिर काळाचा नकाशा कोणत्या पद्धतीने काढावा?

आगबोट (धागालेखक)

आपल्या सामायिक कल्पित विश्वाच्या मागील चर्चेत अशी सूचना आली होती, की कालप्रवासाच्या कथा पुष्कळ झाल्या, आता काळाची मोजणी करणाऱ्या एखाद्या संस्थेवर लिहावे. त्यासाठी हा स्वतंत्र धागा काढत आहे. संस्थेचे नाव तूर्त ‘कालसर्वेक्षण खाते’ असे धरू. खाते सर्वस्वी काल्पनिक आहे. काळाच्या अस्थिर प्रदेशात माणसे पाठवणे, मोजमाप करणे आणि नकाशाची पत्रके प्रसिद्ध करणे, एवढेच त्याचे काम. भूतकाळ बदलण्याचा अधिकार त्याला नाही, दुरुस्तीचाही नाही. ज्यांना नायक-खलनायक हवे आहेत त्यांनी कृपया वेगळा धागा काढावा. येथे मला मोजणी करणारे कारकून हवे आहेत.

‘अस्थिर’ म्हणजे काय, हे आधी ठरवले नाही तर चर्चा भरकटेल. माझा प्रस्ताव असा, की ज्या जागी आणि ज्या काळात एकाच घटनेच्या दोन प्रामाणिक नोंदी एका कालरेषेवर सरळ बसत नाहीत, तो प्रदेश अस्थिर मानावा. ‘प्रामाणिक’ हा शब्द मुद्दाम घातला आहे, कारण खोट्या कागदांचा निकाल लावणे हे दुसऱ्या खात्याचे काम आहे.

पहिल्या पत्रकासाठी मी उत्तर कोकण सुचवतो. १६६५ साली मुंबई बेट पोर्तुगीजांकडून इंग्रजांच्या ताब्यात आले, पण साष्टी आणि वसई पोर्तुगीजांकडेच राहिली. पोर्तुगालने पोप ग्रेगरीची दिनदर्शिकेची सुधारणा (ग्रेगोरियन गणना) १५८२ मध्येच स्वीकारली होती. त्या वर्षी ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला. इंग्रज मात्र १७५२ पर्यंत जुन्या ज्युलियन गणनेलाच धरून राहिले. परिणामी माहीमकडून खाडी ओलांडून वांद्र्याला गेलेला माणूस दहा दिवस पुढे जात असे आणि परतताना दहा दिवस मागे येत असे. त्यात इंग्रजांचे वर्ष २५ मार्चला बदले, म्हणून वांद्र्यात १ फेब्रुवारी १६७५ असताना माहीमच्या इंग्रजी दप्तरात २२ जानेवारी १६७४ लिहिले जाई. पुढे १७०० साली ज्युलियन गणनेत २९ फेब्रुवारी आला आणि ग्रेगोरियन गणनेत आला नाही, तेव्हा ही पायरी अकरा दिवसांची झाली. १७३९ मध्ये मराठ्यांनी वसई घेतली आणि खाडीवरची पायरी नाहीशी झाली. मुंबई आणि गोवा यांच्यातली मात्र १७५२ पर्यंत राहिली.

म्हणजे अरुंद खाडीवर, सुमारे पाऊणशे वर्षे टिकलेला आणि मध्येच एका दिवसाने वाढलेला असा हा कालभ्रंश आहे. तो नकाशावर कसा दाखवावा आणि खात्याच्या मोजणीदाराने तेथे जाऊन नेमके काय मोजावे, यावर मते हवी आहेत.

मोजणीदार

धाग्याचा विषय माझ्या व्यवसायाशी जवळचा असल्यामुळे थोडे विस्ताराने लिहितो. मोजणीचा पहिला नियम असा, की संपूर्णाकडून भागाकडे जावे, भागाकडून संपूर्णाकडे जाऊ नये. आपण खाडीपासून सुरुवात केलीत. मी म्हणेन, आधी आधाररेषा टाका.

हिंदुस्थानच्या महान त्रिकोणमितीय सर्वेक्षणाची सुरुवात विल्यम लॅम्टनने १८०२ च्या एप्रिलमध्ये मद्रासजवळ सेंट थॉमस माउंटच्या परिसरात अशीच केली. सुमारे साडेसात मैलांची एक रेषा त्याने पोलादी साखळीने, उष्णतेने साखळी किती वाढते याचा हिशेब ठेवत मोजली आणि पुढचे सारे अंतर कोन मोजून गणिताने काढले. काही अंतर गेल्यावर दुसरी आधाररेषा प्रत्यक्ष मोजायची आणि गणिताने आलेल्या लांबीशी ताडून पाहायची, ही त्याची तपासणी होती. त्याचा मोठा थिओडोलाइट, म्हणजे कोन मोजण्याचे यंत्र, अर्ध्या टनाचा होता. १८०८ मध्ये तंजावरच्या मंदिराच्या गोपुरावर चढवताना तो आदळला आणि त्याची वर्तुळपट्टी वाकली, तेव्हा लॅम्टनने स्वतः अनेक आठवडे बसून ती सरळ केली. (अवांतर : लॅम्टनचा मृत्यू १८२३ मध्ये मोजणी चालू असतानाच आपल्या हिंगणघाटला झाला आणि त्याची कबरही तेथेच आहे. वर्धा-नागपूर भागातील सभासदांनी ती जरूर पाहावी.)

कालसर्वेक्षणाला असे पक्के बिंदू कोठून मिळतील? माझ्या मते ग्रहणांतून. ग्रहण कोणत्याही दप्तराच्या हुकमाने पुढे-मागे होत नाही, आणि आपल्या पत्रकाच्या अगदी उंबरठ्यावर असा एक बिंदू आहे. शिवाजी महाराजांनी महाबळेश्वरी सूर्यग्रहणाच्या पर्वावर जिजाबाईंची आणि सोनोपंत डबीरांची सुवर्णतुला केली, तो दिवस पौष अमावास्या, शके १५८६. हाच दिवस पोर्तुगीज गणनेने १६ जानेवारी १६६५, ज्युलियन गणनेने ६ जानेवारी १६६५ आणि इंग्रजांच्या दप्तरी वर्षाप्रमाणे ६ जानेवारी १६६४ असा येतो. खात्याने येथे खूण रोवावी आणि तिच्यावर सगळी नावे कोरावीत. त्यांतले एक खरे आणि बाकीची खोटी असे ठरवण्याचे कारण नाही, कारण चंद्राने सूर्य झाकला हे चारही प्रकारे लिहिणाऱ्यांना सारखेच मान्य आहे.

रुमालवाचक

धागालेखक आणि मोजणीदार या दोघांचेही लेखन वाचनीय आहे, पण दोघांनी आमच्या बाजूचा गुंता फार सोपा करून टाकला आहे. पोर्तुगीज-इंग्रज फरक ही एक सरळ पायरी आहे. दहा मिळवा किंवा वजा करा, झाले. मराठी कागदांतला काळ असा पायऱ्यांनी चढता येत नाही.

सतराव्या-अठराव्या शतकातल्या एकाच पत्रात किती गणना एकत्र नांदतात, हे मोडी वाचणाऱ्यांना ठाऊक आहे. शालिवाहन शक आणि संवत्सराचे नाव असते. शुहूर सन अरबी संख्याशब्दांत लिहिलेला असतो, आणि त्याचे वर्ष सूर्य मृग नक्षत्रात शिरला की बदलते. राज्याभिषेकाच्या वेळचा शुहूर सन ‘खमस सबैन व अलफ’, म्हणजे १०७५. त्यात ५९९ मिळवले की १६७४ येतात, पण पुढच्या जानेवारीत तोच सन चालू असताना ६०० मिळवावे लागतात. शिवाय दिवस पुष्कळदा हिजरी महिन्याचा, ‘छ’ म्हणजे चंद्र असे लिहून दिलेला. म्हणजे वर्ष पावसाळ्याच्या तोंडाशी सुरू होणारे, सूर्याच्या गतीने चालणारे, आणि त्यातला महिना निव्वळ चंद्राचा, दरवर्षी सुमारे अकरा दिवसांनी मागे सरकणारा. खेरीज १६७४ पासून राज्याभिषेक शकही आहे, तो वेगळाच.

आणि हे सगळे लिहिलेले असेल तर आपले भाग्य. असंख्य पत्रांवर फक्त ‘छ ९ मोहरम’ एवढेच असते, वर्षाचा पत्ता नाही. लिहिणाऱ्याला आणि वाचणाऱ्याला कोणते वर्ष चालू आहे हे माहीत होते, आपण तिसरे. अशा वेळी अंदाज बांधायला एक चांगले साधन म्हणजे तोच सरकणारा चंद्र. पत्रात नदीला पूर आल्यामुळे फौज अडकल्याचे लिहिले असेल, तर मोहरम पावसाळ्यात येण्याची वर्षे सुमारे तेहतीस वर्षांच्या फेऱ्यात थोडीच असतात. वार दिला असेल तर त्यांतलीही बरीच गळतात. पत्रातला सरदार तोवर मेला होता का, किल्ला कोणाकडे होता, हे पाहिले की कधी एक वर्ष उरते आणि कधी दोन उरतात. दोन उरली तर दोन लिहावीत, असे माझे मत आहे.

अस्थिरतेचे सर्वांत ठळक उदाहरण आपल्या सगळ्यांच्या परिचयाचे आहे. शिवजन्माच्या दोन तिथी दीर्घकाळ वादात होत्या. एक वैशाख शुद्ध द्वितीया शके १५४९, म्हणजे ६ एप्रिल १६२७; दुसरी फाल्गुन वद्य तृतीया शके १५५१, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३०. जेधे शकावली (जेधे घराण्याकडची घटनांची कालक्रमवार नोंद) पुढे आल्यावर दुसरीचे पारडे जड झाले आणि महाराष्ट्र शासनाने २००१ मध्ये तीच स्वीकारली. आता गंमत अशी, की १९ फेब्रुवारी ही ज्युलियन तारीख आहे. आज आपण ज्या दिनदर्शिकेवर जयंती साजरी करतो तिच्या हिशेबाने तो दिवस १ मार्च १६३० होता. ६ जून १६७४ चेही तसेच; तोही ग्रेगोरियन गणनेने १६ जून. मला या सवयीबद्दल तक्रार करायची नाही; इतिहासात ज्या तारखा रुळल्या त्या रुळल्या. फक्त खात्याचा मोजणीदार रायगडावर ‘६ जूनला’ उतरणार असेल तर त्याला कोणत्या ६ जूनचे तिकीट दिले आहे, हे आदेशात स्पष्ट लिहिलेले असावे.

शंकासूर

मंडळी, माहिती उत्तम आहे, परंतु ज्याला तुम्ही अस्थिर काळ म्हणता तो काळ मुळीच अस्थिर नाही. अस्थिर आहेत त्या तुमच्या दिनदर्शिका. माहीमच्या खाडीवर सूर्य दोन्ही काठांना एकाच वेळी उगवत होता. पोर्तुगीज पाद्र्याने आणि इंग्रज कारकुनाने आपापल्या वहीत वेगळे आकडे लिहिले, यापलीकडे तेथे काहीही घडलेले नाही. मग या खात्याला सर्वेक्षण खाते कशाला म्हणायचे? तारखा बदलून देणारा एक मुनीम पुरे. कल्पित विश्वच रचायचे आहे, तर निदान प्रत्यक्ष काळ तरी डळमळीत असू द्या.

लंबक

शंकासूर यांची शंका योग्य ठिकाणी आहे, पण तिच्या मुळाशी जे गृहीत आहे ते भौतिकशास्त्राला मान्य नाही. दोन ठिकाणांचा काळ सारख्याच गतीने चालतो, असे कोणी सांगितले?

गुरुत्वाकर्षण जेथे प्रबळ, तेथे घड्याळ सावकाश चालते. पृथ्वीच्या पृष्ठभागाजवळ एक मीटर वर गेल्यास घड्याळ सुमारे एक कोटी अब्जाव्या भागाने, म्हणजे दशांश चिन्हानंतर पंधरा शून्ये देऊन मग एक, इतक्या अंशाने जलद होते. कळसूबाईची उंची १,६४६ मीटर धरली तर शिखरावरचे घड्याळ समुद्रसपाटीवरच्या घड्याळापुढे दिवसाला सुमारे पंधरा नॅनोसेकंद जाईल. हे केवळ कागदावरचे गणित राहिलेले नाही. २०१० मध्ये अमेरिकेतील राष्ट्रीय मापन संस्थेने ३३ सेंटिमीटर उंचीच्या फरकाने दोन घड्याळांत पडलेले अंतर मोजून दाखवले. जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. त्यांची चाल आधीच त्या हिशेबाने ठेवली नसती, तर तुमच्या फोनवरचा नकाशा एका दिवसात काही किलोमीटरनी चुकला असता. इतकेच नव्हे, तर आता उलट दिशेनेही विचार चालू आहे : घड्याळांच्या चालीतला फरक मोजून त्यावरून ठिकाणांची उंची ठरवायची. काळाचे सर्वेक्षण हे आज भूमापनशास्त्राचे एक खरे अंग आहे.

मोजणीदार यांच्या ग्रहणांविषयीही एक पुस्ती जोडतो. ग्रहण पक्का बिंदू आहे खरा, पण ज्या पृथ्वीवरून ते पाहायचे ती पृथ्वी पक्की नाही. इ.स.पूर्व १३६ च्या १५ एप्रिलला बाबिलोनमध्ये खग्रास सूर्यग्रहण दिसल्याची नोंद मातीच्या विटांवर आहे. पृथ्वी तेव्हापासून आजच्याच गतीने फिरत आली असे मानून मागे गणित केले, तर खग्रासपट्टा सुमारे ४९ अंश पश्चिमेला सरकलेला येतो आणि बाबिलोनला खग्रास दिसतच नाही. नोंद खरी आहे. मधल्या काळात पृथ्वीचे परिवलन मंदावले आहे. भरती-ओहोटीच्या घर्षणामुळे दिवस अगदी किंचित लांबत गेला आणि दोन हजारांहून अधिक वर्षांत ती चूक साचून तीन तासांपेक्षा जास्त झाली.

आणखी एक गोष्ट कथालेखकांच्या उपयोगाची आहे. जगाची प्रमाणवेळ ज्यावरून ठरते ते एक घड्याळ कोठेही टांगलेले नाही. जगभरच्या प्रयोगशाळांतील शेकडो आण्विक घड्याळांची वाचने पॅरिसजवळच्या आंतरराष्ट्रीय मापन कार्यालयात एकत्र होतात, त्यांची भारित सरासरी निघते, आणि प्रत्येक प्रयोगशाळेचे घड्याळ किती चुकत होते हे पुढच्या महिन्यात कळते. दिल्लीची राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा, जी भारतीय प्रमाणवेळ राखते, तीही याच व्यवस्थेत आहे. म्हणजे अत्यंत काटेकोर अर्थाने ‘आत्ता किती वाजले’ याचे उत्तर कोणालाच आत्ता मिळत नाही. खात्याच्या मोजणीदारालाही ते मिळू नये.

रात्रपाळी

मी संगणक प्रणालीच्या देखभालीचे काम करतो, आणि आमच्या दृष्टीने कालसर्वेक्षण खाते अस्तित्वातच आहे. टीझेड डेटाबेस या नावाने ते ओळखले जाते. आर्थर डेव्हिड ओल्सन यांनी १९८० च्या दशकात ते काम सुरू केले, पॉल एगर्ट ते सांभाळतात, आणि जगातील बहुतेक संगणक व फोन स्थानिक वेळ दाखवताना त्याचाच आधार घेतात. कोणत्या देशाने कधी घड्याळे पुढे-मागे केली याची नोंद स्वयंसेवक ईमेलच्या टपालयादीवर वाद घालत ठेवतात, आणि त्या नोंदींजवळच्या टिपा वाचणे हा एक स्वतंत्र आनंद आहे.

या संग्रहातील ‘प्रदेशा’ची व्याख्या आपल्याला उपयोगी पडेल. १९७० पासून ज्या भागातील घड्याळे एकमेकांशी जुळत आली आहेत, तो एक प्रदेश. त्याआधीच्या नोंदी जमतील तशा ठेवल्या आहेत, पण त्यांची हमी नाही. त्यामुळे संपूर्ण भारतासाठी ‘आशिया/कोलकाता’ ही एकच नोंद आहे आणि मुंबई वेळेला त्यात जागाच नाही. भारतीय प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली, तरी मुंबई शहराने तिच्याहून ३९ मिनिटे मागे असलेली आपली वेळ १९५५ पर्यंत टिकवली. रेल्वेची वेळ एक आणि शहराची दुसरी, असे जवळजवळ अर्धे शतक चालले. दुसऱ्या महायुद्धात प्रमाणवेळ तासभर पुढे नेली होती, तेव्हा तर गोंधळात आणखी भर पडली असणार. या मुंबईचे पत्रक काढायचे झाल्यास एका रस्त्यावरच्या दोन घड्याळांत सीमारेषा कोठून न्यायची, हा प्रश्न माहीमच्या खाडीपेक्षा कठीण आहे, कारण येथे काठच नाही.

ज्यांना वाटते की हे सारे जुन्या काळचे, त्यांच्यासाठी दोन नोंदी. सामोआने २०११ मध्ये आंतरराष्ट्रीय वाररेषेची बाजू बदलली, तेव्हा तेथे २९ डिसेंबरनंतर ३१ डिसेंबर आला. ३० डिसेंबर २०११ हा दिवस सामोआत झालाच नाही. मार्च २०२३ मध्ये लेबनॉनच्या सरकारने घड्याळे पुढे करण्याचा निर्णय ऐनवेळी लांबवला आणि मॅरोनाइट चर्चसह अनेक संस्थांनी तो मानण्यास नकार दिला. काही दिवस त्या देशात दोन वेळा चालू होत्या, आणि कोणती वेळ पाळावी हे कोणत्या संस्थेला तुम्ही मानता यावर अवलंबून होते.

खाडीपलीकडे

वरील सर्व चर्चेत खाडी आहे, पण खाडीवर जगणारा माणूस नाही. माहीमचा कोळी पाणी पाहून होडी लोटतो. अमावास्या-पौर्णिमेचे उधाण आणि अष्टमीच्या सुमाराचा भांग (कमी चढ-उताराची भरती-ओहोटी), हे त्याचे कालमापन आहे, आणि ते दोन्ही काठांना सारखे आहे. पोर्तुगीज काठावर भरती दहा दिवस आधी येत नव्हती. तेव्हा पत्रकावर पायरी काढताना ती कोणाच्या पायाखाली होती हे दाखवले पाहिजे : जकातीच्या नाक्यावर, चर्चमध्ये, वखारीत, करारावर सही करणाऱ्याच्या हातात. कोळीवाड्यात ती नव्हती. सरसकट रेष ओढली, तर खाते फक्त दप्तरवाल्यांचा नकाशा काढेल. तिथीने चालणाऱ्यांना दिवस गळण्याचे भयही नसते; पंचांगात तिथीचा क्षय होतो, वृद्धी होते, १९८२-८३ मध्ये तर अख्ख्या महिन्याचा क्षय झाला, आणि तरीही कोणाचा एक दिवस चोरीला गेला नाही.

मोजणीदार

शंकासूर आणि खाडीपलीकडे यांच्या आक्षेपांना मिळून एकच उत्तर देता येईल असे वाटते, आणि ते पुन्हा त्रिकोणमितीय सर्वेक्षणातूनच येते.

लॅम्टननंतर ते सर्वेक्षण चालवणाऱ्या जॉर्ज एव्हरेस्टच्या काळात मध्य भारतातील कल्याणपूर आणि उत्तरेकडील, हिमालयाच्या पायथ्याच्या अलीकडचे कल्याणा, या दोन स्थानकांमधील अक्षांशांचे अंतर दोन रीतींनी काढले गेले. जमिनीवरच्या त्रिकोणांवरून एक उत्तर आले, ताऱ्यांच्या वेधांवरून दुसरे. दोहोंत ५.२३६ विकलांचा (विकला म्हणजे अंशाचा ३,६०० वा भाग) फरक पडला, म्हणजे जमिनीवर सुमारे १६० मीटर. एव्हरेस्टने तो मोजणीत साचलेला दोष मानला आणि मोजणीशास्त्राच्या रिवाजाप्रमाणे तो सर्व त्रिकोणांत वाटून टाकण्याचा मार्ग धरला. कलकत्त्याचे आर्चडीकन (चर्चमधील एक वरिष्ठ पदाधिकारी) जॉन प्रॅट यांनी वेगळी शंका घेतली : ताऱ्यांचा वेध घेताना उभी दिशा ओळंब्याने ठरवतात, आणि हिमालयाचे वस्तुमान जर ओळंब्यालाच आपल्याकडे ओढत असेल तर? १८५५ मध्ये त्यांनी पर्वताच्या ओढीचे गणित मांडले, तेव्हा फरक सुमारे १५.९ विकला यायला हवा होता, प्रत्यक्षापेक्षा तिप्पट. म्हणजे पर्वत ओढत होता, पण त्याच्या आकाराला शोभेल इतका ओढत नव्हता. त्या उरलेल्या विसंगतीतूनच पर्वतांच्या खाली हलक्या खडकाची भरपाई असते ही कल्पना निघाली आणि भूशास्त्राचे एक दालन उघडले.

पाच विकलांची ती बाकी वाटून टाकली असती, तर तिच्यामागे पर्वताचे मूळ आहे हे कळलेच नसते. म्हणून माझी सूचना आहे, की कालसर्वेक्षण खात्याचा मूळ नियम हाच ठेवावा : जे जुळत नाही ते वाटून टाकायचे नाही, त्याची बाकी पत्रकावर जशीच्या तशी छापायची. ती बाकी लेखकाच्या चुकीतून आली, पृथ्वीच्या मंदावण्यातून आली, का खुद्द काळच तेथे झुकलेला आहे, हे मोजणीदाराला जागेवर कळणार नाही, कारण त्याच्या हातातला ओळंबाही त्याच पर्वताशेजारी लोंबतो आहे. शंकासूर म्हणतात तसा प्रत्यक्ष काळ डळमळीत असणे आणि नोंद डळमळीत असणे, यांतला भेद बाहेरून पाहणाऱ्याला दिसतो. आत उभे राहून मोजणाऱ्याला दिसत नाही. कथेचा सगळा ताण मला येथे दिसतो.

आगबोट (धागालेखक)

प्रतिसादांचा आदर ठेवून काही गोष्टी ठरवून टाकतो, म्हणजे लेखन सुरू करता येईल.

न जुळणारी बाकी तशीच छापण्याचा मोजणीदार यांचा नियम खात्याच्या नियमावलीत पहिला राहील. प्रत्येक मोजणीदाराने दोन वह्या ठेवायच्या : एकीत स्थानिक गणनेने काय लिहिले गेले ते तसेच उतरवायचे, दुसरीत स्वतःच्या घड्याळाचे वाचन. दोहोंचा मेळ घालण्याचा अधिकार त्याला नाही. तो कचेरीतल्या गणकांना आहे, आणि त्यांनाही बाकी शून्य करण्याचा नाही. लंबक यांचे म्हणणे घेऊन असेही ठरवू, की मोजणीदाराच्या घड्याळाची चूक कचेरीला परतल्यानंतर महिन्याने कळते, त्यामुळे क्षेत्रात असताना तो कधीही निश्चिंत नसतो. ज्यांना थरार हवा होता त्यांना तो येथे मिळेल.

पायरी सरसकट रेषेने न दाखवण्याची खाडीपलीकडे यांची सूचना मान्य. पहिल्या पत्रकावर माहीमच्या दोन्ही काठांवर भरतीची वेळ एकाच शाईत छापली जाईल आणि तारखेची पायरी नाका, चर्च व वखार एवढ्याच ठिकाणी तुटक रेषेने येईल. उंचीच्या समोच्च रेषा असतात तशा येथे समसंशय रेषा काढाव्यात, म्हणजे जेथे नोंदींचे वर्ष एकाच्या फरकाने अनिश्चित आहे ती एक रेषा, दोनाच्या फरकाने ती दुसरी. रुमालवाचक यांच्या वर्ष नसलेल्या पत्रांना अशीच जागा देता येईल.

मुंबई वेळेचे पत्रक मी तूर्त बाजूला ठेवतो. काठ नसलेल्या सीमेला कोणती खूण द्यावी हे मला अजून सुचलेले नाही, आणि रात्रपाळी यांनी त्यावर स्वतंत्र प्रतिसाद लिहिला तर बरे होईल.

शंकासूर

मोजणीदार यांचा ओळंब्याचा दाखला पटला, त्यामुळे मूळ आक्षेप मागे न घेता थोडा सरकवतो. प्रॅटपाशी पर्वत होता. डोळ्यांनी दिसणारा, मोजता येणारा. तुमच्या खात्याच्या बाकीमागे असा पर्वत कधीच सापडला नाही, तर ती पत्रके कोणी किती वर्षे छापत राहील? कथेत हा प्रश्न विचारणारे एक पात्र असावे, आणि ते शक्यतो हिशेब तपासनीस असावे. त्याचे लेखन मी करायला तयार आहे.

रुमालवाचक

तपासनीस जरूर यावा, फक्त त्याने प्रत्येक पत्रकावर आपल्या सहीखाली तारीख कोणत्या गणनेने घातली आहे हे लिहावे. मी १६६५ ते १६८० या काळातील पत्रांचा भाग घेतो. शक, शुहूर सन, हिजरी चंद्र, ज्युलियन आणि ग्रेगोरियन असे पाच रकाने करून ठेवतो. कागदात जो रकाना रिकामा असेल तो मी गणिताने भरणार नाही, ते काम कचेरीच्या गणकांचे. मोजणीदार यांनी महाबळेश्वरच्या ग्रहणापासून रायगडापर्यंतचे पक्के बिंदू दिले, की या आठवड्यात पहिला तक्ता धाग्यावर टाकता येईल.